सभागृहात अडकलेल्या ज्युदोच्या मॅट्स परत मिळण्याबाबत

प्रति,
मा. क्रीडा अधिकारी,
क्रीडा कार्यालय, दुसरा मजला.

विषय : आपल्या बैठकीच्या सभागृहात गालिच्याखाली असलेल्या मॅट्स ज्युदो हॉलला तातडीने परत करणेबाबत.

संदर्भ : १) मला आलेली कारणे दाखवा नोटीस. २) आपले 'पाडण्यास मनाई' हे परिपत्रक. ३) माझे यापूर्वीचे दोन अर्ज, जे आपल्याकडे सापडत नाहीत असे कळते.

महोदय,

१. मी खाली सही करणारी, ज्युदो प्रशिक्षक, आपणास सविनय कळविते की माझे आधीचे अर्ज सापडले असते तरी उपयोग नव्हता, असे आपल्या लिपिकाने मला सांगितले. "बाई, त्यात अर्जदाराची पार्श्वभूमीच नाही. साहेब कशावर विचार करणार?" म्हणून या वेळी पार्श्वभूमी जोडत आहे. तिच्यात आपणही एकदा येता, तेव्हा कृपया शेवटपर्यंत वाचावे.

२. माझे वडील लिफ्टची दुरुस्ती करीत. आई हॉस्पिटलच्या धुलाईखान्यात होती. नवव्या वर्षी मला ज्युदो हॉलमध्ये घातले, ते मी शाळेत तिघांना ढकलून दिले म्हणून. आमच्या मास्तरांनी पहिले कित्येक महिने मला कुणाला हात लावू दिला नाही. फक्त पडायचे. मागे पडायचे, कुशीवर पडायचे, गडगडत पडायचे, पडताना हाताने मॅटवर सपकन थाप मारायची. मी कुरकुरले की म्हणायचे, "आधी जमिनीशी तुझी ओळख होऊ दे गं, मग तू तिची ओळख इतरांशी करून दे." मी घरी येऊन रडले तेव्हा वडील पान्यावरचे ग्रीस पुसत म्हणाले, "अगं, लिफ्ट खाली येते यात काही वाईट नाही. कशी येते ते बघायचं. माझं पोट त्यावरच चालतं." मग मी रडणे थांबवले.

३. माझे पहिले जॅकेट आईने बाद झालेल्या स्ट्रेचरच्या कापडाचे शिवले. कॉलरवर तिने शिलाईवर शिलाई घातली, कारण ज्युदोत सगळी ओढाताण कॉलर आणि बाहीची असते. पहिल्या स्पर्धेत समोरच्या मुलीच्या मुठीत ती कॉलर मावेना. पंचांनी जॅकेट तपासायला मागितले, तर आई प्रेक्षकांतून ओरडली, "तपासा, तपासा! टाके मोजा हवं तर!" मी जिंकले.

४. त्यानंतर मी सत्तावन्न किलो वजनगटात अनेक वर्षे राष्ट्रीय विजेती होते. वजन बसावे म्हणून घरच्यांच्या ताटांकडे पाठ करून जेवले. परदेशातले एक कांस्यपदक आहे. ते कांस्य का, सुवर्ण का नाही, हे मला दरवर्षी कुणीतरी विचारतेच, आणि विचारणारा बहुधा जिना चढून धापा टाकत असतो. पुढे गुडघा गेला, स्पर्धा सुटल्या, आणि मास्तरांच्या जागी मी उभी राहिले. मास्तरांनी हॉलची किल्ली देताना एकच अट घातली होती, ती येथे मुद्दाम नोंदविते : ज्याला पाडशील त्याची बाही सोडायची नाही. आपण त्याला बाहीने वर धरून ठेवतो, म्हणून त्याचे डोके आपटत नाही. "बाही सोडलीस तर तू खेळाडू नाहीस. रस्त्यावरची गुंड आहेस."

५. आता आपला प्रवेश. इतक्या वर्षांनी कार्यालयाला माझा गौरव करण्याची बुद्धी झाली. कार्यक्रम आपल्या सभागृहात ठेवला आणि "वातावरणनिर्मितीसाठी" हॉलमधील मॅट्स मागवल्या. दुसऱ्या दिवशी परत, असे ठरले. मला खेळाच्या पोशाखात यावे असे कळविले. मी आले. फलकावर 'कराटेपटू' असे होते. स्मृतिचिन्हावर बॉक्सिंग करणारा मिशीवाला पुरुष होता. मी काही बोलले नाही. आपण बूट घालून मॅटवर आलात, तरीही मी काही बोलले नाही. हे माझ्या सहनशीलतेच्या पुराव्यादाखल धरावे.

६. मग छायाचित्रकार म्हणाला, "साहेब, जरा ॲक्शन होऊन जाऊ द्या!" आणि आपण उजव्या हाताने माझी कॉलर व डाव्या हाताने माझी बाही धरलीत आणि ओढलेत. महोदय, कॉलर व बाही एकाच वेळी धरून ओढणे याला आमच्या खेळात निमंत्रण म्हणतात. मी विचार करण्यापूर्वीच माझ्या कमरेने ते स्वीकारले. आपण माझ्यावरून गेलात आणि अत्यंत व्यवस्थित उताणे झालात. लोकांना तो कार्यक्रमाचाच भाग वाटला. टाळ्या पडल्या. आपल्या शिपायाच्या टाळ्या जरा लांबल्या, पण त्याबद्दल त्याची दूरच्या शाखेत झालेली बदली मला अन्यायकारक वाटते. आपण स्वतः उठून "छान, छान" म्हणालात. आपल्या मुखातून निघालेले, खेळाविषयीचे ते एकमेव अचूक विधान होय.

७. नंतर "वरिष्ठ अधिकाऱ्यास जाहीररीत्या उताणे केल्याबद्दल" मला नोटीस आली. तिचे उत्तर मी दिले आहे. माझी तक्रार नोटिशीबद्दल नाही. तक्रार आहे ती पुढच्या आदेशाबद्दल, जो मी शब्दशः उतरवते : "सदर मॅटमुळे मा. अधिकारी महोदयांस कोणतीही इजा झाली नसल्याने, अशा प्रसंगाची पुनरावृत्ती झाल्यास खबरदारी म्हणून सदर मॅट सभागृहातच कायम ठेवण्यात याव्यात." म्हणजे मॅट चांगल्या निघाल्या हाच त्यांचा गुन्हा. आज त्यांच्यावर गालिचा आहे, गालिच्यावर खुर्च्या आहेत आणि खुर्च्यांच्या पायांनी मॅट्सना भोके पडत आहेत. त्या सभागृहात तेव्हापासून एकही मनुष्य पडलेला नाही. झोपलेले आहेत, पण त्यासाठी मॅट लागत नाही.

८. इकडे माझ्या मुली सिमेंटवर सराव करीत होत्या. मी नको म्हणत होते, पण निवड स्पर्धा तोंडावर आहे. सगळ्यांत हलक्या वजनगटातली एक मुलगी आहे, तिला आम्ही टाचणी म्हणतो : दिसायला बारीक, आणि हात लावला की कळते. तिला तिच्या मैत्रिणीने फेकले. मैत्रिणीने बाही घट्ट धरली होती, शिकवल्याप्रमाणे. म्हणून टाचणीचे डोके वाचले. खांदा सिमेंटवर गेला आणि खांद्यापुढचे हाड मोडले. हॉस्पिटलात ती मला विचारत होती, "ताई, माझी थाप बरोबर पडली ना?" बरोबर पडली होती. सिमेंटवर बरोबर थाप मारल्याने तिचा तळहातसुद्धा फाटला होता.

९. यावर आपण काय केलेत? परिपत्रक काढलेत. "सरावादरम्यान खेळाडूंनी परस्परांस पाडू नये. पाडणे अपरिहार्य असल्यास पूर्वपरवानगी घ्यावी." मी परवानगी मागितली. उलट विचारणा झाली की कोण कोणास, कोणत्या बाजूस व कोणत्या कारणास्तव पाडणार, तसेच पडणाऱ्या व्यक्तीची लेखी संमती जोडावी. महोदय, समोरच्याने संमती दिली असती तर मला एवढी वर्षे घाम गाळावा लागला नसता. लिपिकांनी फोनवर मार्गही सुचवला : "तूर्त तुम्ही वाकून नमस्कार करता ना, तेवढाच भाग घ्या." मुली तेवढाच भाग घेत आहेत. वाकण्यात त्या आता अशा तरबेज झाल्या आहेत की आपल्या कार्यालयात कुठल्याही पदावर शोभतील. मला त्यांना खेळाडू करायचे आहे.

१०. टाचणीचे हाड जुळत आले आहे. डॉक्टर म्हणतात, मॅट असेल तर ती निवड स्पर्धेआधी सराव करू शकते, सिमेंट असेल तर ते सही करणार नाहीत. तिची आई म्हणाली, "बाई, तुमच्यावर विश्वास आहे, पण जमिनीवर नाही." पुढच्या वर्षी टाचणी या वयोगटात बसत नाही. तिला ही एकच संधी आहे, आणि त्या संधीवर आपण खुर्ची टाकून बसला आहात. हे वाक्य लिपिकांना उद्धट वाटल्यास त्यांनी ते ठळक करावे.

११. सबब विनंती की येत्या सोमवारपर्यंत मॅट्स हॉलला पोचत्या कराव्यात. त्या न आल्यास मॅट जिथे तिथे सराव, या न्यायाने सोमवारी संध्याकाळपासून आमचा वर्ग आपल्या सभागृहात भरेल. आम्ही दाराशी वाकून अभिवादन करू, बूट बाहेर काढू, गालिचा नीट गुंडाळून ठेवू. आपली बैठक चालू असल्यास ती कडेला चालू द्यावी, मुलींच्या आवाजाने कुणाची झोप मोडल्यास मी दिलगीर असेन. टाचणी पहिल्या दिवशी फक्त पडेल. आपण जिथे पडलात, बरोबर तिथेच पडेल, कारण ती जागा सुरक्षित असल्याचे आपल्याच कार्यालयाने लेखी दिले आहे.

१२. शेवटी एक दुरुस्ती. आपल्या आदेशात म्हटले आहे की आपणास इजा झाली नाही ती मॅटमुळे. हे अर्धेच खरे आहे. पाठ मॅटने वाचली. डोके वाचले, कारण आपण हवेत असताना मी आपली बाही सोडली नाही. मला तेव्हाही आपला राग आला होता, आज त्याहून जास्त आहे. बाही सोडायची नाही हे नऊ वर्षांच्या मुलीला एका दिवसात समजते. मॅट सोडायची असते हे आपल्याला समजावे म्हणून मी हा तिसरा अर्ज करीत आहे. चौथा करणार नाही. आमच्या एका मुलीचे हाड आपल्या हातात होते, आणि आपण बाही सोडलीत.

वाकून, खेळाच्या नियमाप्रमाणे आधी आणि नंतरही,

आपली,
(सही)
प्रशिक्षक, ज्युदो हॉल
दिनांक : ९ फेब्रुवारी

सोबत :
१) टाचणीच्या डॉक्टरांचे पत्र.
२) आपला आदेश व परिपत्रक, न हरवण्यासाठी दोन-दोन प्रती.
३) गौरव समारंभाचे छायाचित्र. आपण हवेत आहात. बाहीवरचा माझा हात स्पष्ट दिसतो.