चूल नक्की कुठं होती?

इनामगाव, सोमवार

ती. आक्कास,

मल्हारीचा साष्टांग नमस्कार. (वाकता येत नाही, तेव्हा कागदावरच मानून घे.) पाटसला सगळी बरी असतील. तुझा गुडघा कसा आहे? माझी कंबर गेली आहे, आणि ती कशी गेली हे सांगायलाच हे पत्र. फोनवर सांगितलं तर तू मध्येच हसशील.

नात तेजश्रीला शाळेतून सांगितलं, 'आमचं जुनं घर' असं चित्र काढून आणा. या स्लॅबच्या आधीचं आपलं मातीचं घर मी झोपेतही सांगीन, असं बोलून बसलो. आपल्या आईची चूल कुठं काढू, असं तिनं विचारलं आणि मी डोकं खाजवायला लागलो. मग म्हणालो, तुळशीजवळ. नकुशी म्हणाली, मोटारसायकल लावतो तिथं. (तुझ्या भावजयीनं आईला पाहिलंसुद्धा नाही, पण मत पक्कं.) तुला आठवत असेल, आपल्या लहानपणी घोड नदीच्या काठी साहेब लोक जुनी वस्ती उकरत होते आणि राख बघून तीन हजार वर्षांपूर्वीची माणसं काय जेवत ते सांगत होते. आपली तर साठच वर्षांची राख. घेतला टिकाव आणि तुळशीजवळ खणायला लागलो.

हात-दीड हात खणेपर्यंत हंडा निघणार म्हणून निम्मी आळी जमली. सावळाराम तर लिंबू घेऊनच आला. आणि आक्का, राख लागली. मी खड्ड्यातच बसलो, मूठभर हातात घेतली आणि रडलो. आईची भाकरी कशी टम्म फुगायची ते तेजश्रीला सांगितलं. तेवढ्यात नकुशी वाकून म्हणाली, "आवं, ही आपल्या पोराच्या लग्नातली राख हाय. आचाऱ्यानं हितंच भट्टी लावली व्हती. ह्यो बघा, पिलास्टिकचा ग्लास वितळल्याला."

म्हणजे मी आचाऱ्याच्या जिलबीवर रडलो. खड्डा बुजवताना कंबर गेली. तीन हजार वर्षांपूर्वीच्या परक्या माणसांचं जेवण ठाऊक, आणि आपल्या आईची चूल सापडेना. फार दमलोय, आक्का.

तुझा,
मल्हारी

ता. क. चूल कुठं होती ते तुला माहीत असलं तरी आता कळवू नकोस. तेजश्रीनं ती मोटारसायकलजवळ काढली आणि बाईंनी शाबासकी दिली.

आणखी एक. खरं तर पत्र एवढ्यासाठीच. आई जेवायला बोलवायची तेव्हा मला मल्हारी म्हणत नसे, दुसरंच काहीतरी म्हणायची. राख हातात घेऊन बसलो तेव्हा ते आठवेना. ती हाक ऐकलेली आता तू एकटीच उरलीस. लिहून पाठवू नकोस, फोन कर आणि एकदा तशी हाक मार. तूही विसरली असशील तर मनानं काहीही म्हण. मी ओ देईन.