फक्त गरम करायचा हॅम

गुरुवार, ६ एप्रिल
वस्तुस्थिती क्रमाने नोंदवतो. एक : ईस्टरचे जेवण आजवर थोरल्या बहिणीकडे, लोरेनकडे, होत आले. दोन : यंदा तिच्या गुडघ्याची शस्त्रक्रिया झाली. तीन : म्हणून ते माझ्याकडे आले. चार : नीट पार पडले तर यापुढे कायम इथेच, असे तिने सर्वांसमक्ष सांगितले. पाच : पत्नी आयरीन गेल्यापासून आमच्या मोठ्या टेबलावर एकच ताट मांडले जाते. पाचवा मुद्दा अप्रस्तुत. खोडणे.

हॅम आणला. डुकराच्या मांडीचा अख्खा तुकडा, आधीच शिजवलेला, हाडाभोवती गोल गोल काप दिलेला. सोबत वरून लावायच्या गोड लेपाची पुडी, तिच्यावर सूचना. पुडी न वाचता कचऱ्यात टाकली. ज्याने इंजिनिअरिंग कॉलेजात आयुष्यभर उष्णतेचे वहन शिकवले, त्याला सूचना देणे हा उद्धटपणा आहे.

शुक्रवार, ७ एप्रिल
लोरेनचा फोन. म्हणाली, "अरे, तो शिजलेलाच असतो. कापलेली बाजू खाली कर, फॉइलमध्ये घट्ट गुंडाळ, मंद आचेवर ठेव आणि विसरून जा. उगाच डोकं चालवू नकोस, वेंडेल."

तिच्या अनुभवाचा मी आदर करतो. अनुभव म्हणजे ज्ञान नव्हे. फॉइलने वाफ कोंडते, वाफेने लेप ओघळतो. सबब फॉइल नाही. हॅम आडवा ठेवून काप पंख्यासारखे उलगडणार; पृष्ठभाग वाढला की लेप खोलवर जातो. तिला कळवले नाही. पाहून शिकेल.

शनिवार, ८ एप्रिल
लेपाची चाचणी : मध, मस्टर्ड, लवंग. पातेल्यातच दगड झाला. पातेले सदोष आहे.
संकल्प : उद्या जेवताना कोणाचीही चूक दुरुस्त करायची नाही.

रविवार, ९ एप्रिल, सकाळ
चर्चला गेलो नाही. हॅमजवळ जबाबदार माणूस हवा. मंद आचेत काहीच घडताना दिसत नाही. आच वाढवली.

दुपार
मंडळी आली. पाठोपाठ विचित्र वास. भाची बेथनीने न विचारता ओव्हन उघडला आणि ओरडली, "मामा, हाडावरची प्लॅस्टिकची टोपी कोण काढणार होतं?" हाडाला टोपी असते हे मला कोणी सांगितले नव्हते. सूचनेत असल्यास ती पुडीवर होती. तिथे कोण पाहील?

संध्याकाळ
जेवण पार पडले. काप कडेने किंचित वळले होते. लोरेनचा नवरा ड्वेन म्हणाला, "वेंडेल, उरले तर मला दे रे. गॅरेजचं छप्पर गळतंय." लोरेनने हसत त्याला कोपर मारले. यातून पाणी झिरपत नाही, हा गुण त्याने अनवधानाने मान्यच केला. लोरेन सारखी पाणी मागत होती. गुडघ्याच्या औषधाने तहान लागते. तिने आणलेले बटाटे आणि मसाला भरलेली अंडी संपली. साहजिकच, मुख्य पदार्थाने भूक चाळवते. सूपसाठी हॅमचे हाड कोणी न्यायचे यावरून दर ईस्टरला भांडण होते. आज कोणी विषय काढला नाही. माझ्या घरात लोक सभ्यपणे वागतात.

सर्व खुर्च्या भरल्या होत्या. केवळ निरीक्षण म्हणून नोंदवतो.

सोमवार, १० एप्रिल
दुपारी हॅमचे सँडविच. चावणे अपूर्ण ठेवले.

लोरेनचा फोन. म्हणाली, "हे बघ, पुढच्या वर्षी बेथनीकडे करू या. ती हौशी आहे, तुला कशाला त्रास?" मी विचारले, माझ्याकडे काय सोपवले आहे? म्हणाली, "तू बन आण. दुकानातले. आणि वेंडेल, गरम करू नकोस हं."

हा निर्णय माझा ताण कमी व्हावा म्हणून घेतला गेला आहे, हे उघड आहे. तरीही शिस्त म्हणून तिला पुढील मजकूर पाठवला :

"प्रिय लोरेन, बनांची जबाबदारी स्वीकारतो. पुढील बाबींचा खुलासा व्हावा. (१) बन गरम न करण्याच्या अटीमागील कारण. (२) ईस्टर वगळता एखाद्या साध्या रविवारी, कोणी काही गरम करण्याची गरज न पडता, तुम्ही सर्व माझ्याकडे जेवायला येऊ शकाल काय. दुसऱ्या बाबीचे उत्तर आधी दिले तरी चालेल. फोन करू नये. फोनवर तू विषय बदलतेस. उत्तर लेखी द्यावे."