बोटांना अडकणारं रेशीम

४ नोव्हेंबर, लातूर
आज शालूची तार ओढली गेली. माझ्याच बोटानं. नवरीचा शालू, डाळिंबी. फॉल लावायच्या आधी काठ सरळ करत होते, बोटाच्या भेगेत रेशीम अडकलं अन् पदराजवळ वीतभर रेघ उठली. दुकानवाल्या मोहसीनभाईंनी गिऱ्हाईक जाऊ दिलं. मग हळूच, "भाभी, रेशमी आता वैशालीकडं देऊ. तुम्ही सुती बघा."
वैशाली माझी धाकटी जाऊ. सुई धरायला मीच शिकवलं तिला. मागच्या उन्हाळ्यात.

६ नोव्हें.
वै.च्या मांडीवर शालू, माझ्या मांडीवर सुती. शेजारी शेजारी. तिची बोटं रेशमावरून सरकतात तर आवाज नाही. माझी स्वतःच्या गालाला टोचतात. माझ्या लग्नात माझे हात पण असेच मऊ... जाऊ दे.
टाका तिचा अजून लांब पडतो. कुणाला दिसत नाही ते.

९ नोव्हें.
साय लावली. ग्लिसरीन. खोबरेल. ह्यांनी विचारलं, हाताला काय झालं? म्हटलं, थंडी. वर ह्यांचंच, "वैशालीचं काम लई साफ हाय म्हणत होते मोहसीनभाई."
जेवण गेलं नाही.

११ नोव्हें.
वै.ला म्हटलं, माझी कंबर धरलीय, गोधड्या तू धू. कंबरेला काही झालेलं नाही. पाण्यात सोडा मीच टाकला, लागतो त्याहून जास्त. "हाव अक्का," म्हणाली अन् बसली धुवायला. भांडी पण आता तिच्याकडं. तारेची नवी घासणी आणून दिली.

१७ नोव्हें.
तिचे हातच बघत असते. चहा देताना, भाकरी थापताना. आज अंगठ्याजवळ भेग दिसली. बरं वाटलं. खरं तेच लिहिते. बरं वाटलं.

२० नोव्हें.
दुकानात वै.नं शालू उचलला अन् थबकली. बोट अडकलं होतं. हळूच सोडवलं, तार वाचली. मोहसीनभाईंचं लक्ष नव्हतं. वै.नं बोटाकडं बघितलं, मग माझ्याकडं. मी सुईत दोरा ओवत बसले, ओवलेलाच होता.
घरी येऊन भांडी मीच घासली. "अक्का, कंबर?" म्हटलं, थांबली दुखायची. घासणी कचऱ्यात टाकली. उशीर झाला असेल, पण टाकली.

२३ नोव्हें.
वै.च्या बहिणीचं लग्न, नांदेडला. शालू घेऊन तिचे वडील सकाळच्या गाडीनं आले. वै.नं तो सरळ माझ्या मांडीवर ठेवला.
"अक्का, ह्याला तुमचाच टाका पायजे."
"माझ्या बोटांचं ठावं हाय न्हवं तुला?"
"माझी बी आता तसलीच झालीत."
तोंडावर राग नाही, हसू नाही. तिला कळलंय का? की नुसतंच बोलली? विचारायचं होतं, तोवर ती वडिलांना चहा द्यायला आत गेली.
शालू मांडीवर आहे. पिवळा, काठ जड. माझे हात अजून माझ्याच पदराखाली.