कोजागिरीची दुधाची पिशवी

काल्हेर, ता. भिवंडी
१८ मार्च २०२४

चि. विनितास आक्काचे अनेक आशीर्वाद.

परवा तू फोन केलास तेव्हा आवाज येत नाही म्हणून मी ठेवून दिला. आवाज चांगला येत होता. पण आमच्या घरात फोन म्हणजे चावडी, मी बोलते आणि चौघं ऐकतात. म्हणून हे पत्र. तुला अ-आ-इ मीच पाटीवर गिरवायला शिकवलं, तेव्हा धाकट्या बहिणीने माझं अक्षर लागत नाही अशी तक्रार करायची नाही.

हितेशला मुलगा झाला, सोमवारी, ११ तारखेला. नाव कुणाल ठेवायचं म्हणतात. रंग हितेशचा, डोळे दिपालीचे. पण वरचा ओठ नाकापर्यंत फाटलेला आहे आणि आत टाळूलाही फट आहे. पाजायला घेतलं की दूध नाकातून बाहेर येतं, पोर गुदमरतं.

हे ग्रहणाचं काम आहे. कोजागिरीला ग्रहण होतं, दुपारपासून वेध लागलेले. सूनबाई पाचव्या महिन्यात. कात्री, विळी, सुई, कशाला हात लावायचा नाही असं तिला बजावून सांगितलं होतं. आणि तिने मसाला दुधासाठी पिशवीचा कोपरा कात्रीने कापला. मी या डोळ्यांनी पाहिलं. शेजारच्या गुणाबाई बाळाला बघायला आल्या आणि म्हणाल्या की ह्यो ग्रहणाचाच फटका हाय, दुसरं काय न्हाय. मीही दिपालीला सगळ्यांसमोर तेच बोलले. तेव्हापासून ती धड जेवत नाही. पोराला घेऊन माहेरी वडप्याला जाते आणि परत येत नाही, असं म्हणते. हितेश गोडाऊनवर जाऊन बसतो, तुझे भाऊजी ओटीवर तंबाखू मळत बसतात.

तू एवढी शिकलीस. पोर जगेल असं काही असेल तर कळव. शास्त्र मात्र सांगत बसू नकोस.

माया आहे तशीच आहे, मन तेवढं थाऱ्यावर नाही.
तुझी आक्का


बंगळुरू
२६ मार्च २०२४

ती. आक्कास साष्टांग नमस्कार.

आधी पोराचं सांगते, मग शास्त्र. तेही सांगणारच, कारण तू नको म्हटलंस.

कुणालला आडवा पाजू नका, बसता धरा. अशा बाळांसाठी दाबली की दूध येईल अशी मऊ बाटली मिळते, ती कुरिअरने पाठवली आहे. थोडं थोडं द्या, मध्ये ढेकर काढा. तो जगणार आहे, आक्का. पाच किलोचा झाला की ओठाचं ऑपरेशन, वर्षाच्या आसपास टाळूचं. डॉक्टरांचं नाव हितेशला कळवलं आहे. तुमचं काम एकच, त्याला पाच किलोपर्यंत पोचवणं. त्यासाठी त्याची आई घरात आणि जेवलेली हवी.

आता शास्त्र. बाबा खारजमिनीचा बांध घालायला जायचे ते आठवतं ना? दोन्हीकडून माती टाकत यायचे आणि मधे उरलेली खांड भरतीच्या आत बुजवायची. पोटातल्या बाळाचा टाळू तसाच होतो. दोन बाजूंनी मांसाचे दोन पडदे वाढत येतात आणि जिभेच्या वर मधोमध भेटतात. दोघांवरही आपापली कातडी असते, एकमेकींना घट्ट धरून उभ्या राहिलेल्या पेशींची. पुस्तकात तिला अभिस्तर म्हणतात आणि माझी वीस वर्षं तिच्यातच गेली. पडदे भेटले की मधली कातडी विरावी लागते. काही पेशी मरतात, काही बाजूला सरकतात, तेव्हा कुठे आतलं मांस एक होतं. पडदे पोचले नाहीत किंवा ती कातडी विरली नाही, तर फट राहते. ओठाचंही थोड्याफार फरकाने असंच. मी उंदराच्या गर्भात हे रोज बघते, आणि तू माझ्या उंदरांना हसतेस.

हितेशने सोनोग्राफीची फाइल पाठवली होती. मी आठवडे मोजले. कुणालचा ओठ जुळायचा तो गेल्या वर्षीच्या अधिक महिन्यात. टाळू जुळायचा तो गणपती बसायच्या आधी. कोजागिरी आली ऑक्टोबरच्या अखेरीस. दिपालीने पिशवी कापली तेव्हा खांड बुजायची वेळ टळून दीड महिना झाला होता. त्या दिवशी तिने आख्खं कापडाचं ठाण जरी कापलं असतं तरी काही बदललं नसतं. जे व्हायचं ते तिला उलट्या होत होत्या तेव्हाच होऊन गेलं होतं, आणि त्यात कुणाचाच दोष नाही. तू सगळ्यांसमोर बोललीस, तर हेही तिला सगळ्यांसमोरच सांग.

कधी कधी हे घराण्यातून येतं. आपल्याकडे पूर्वी कुणाला असं झालं होतं का?

भाऊजींनाही एक निरोप. पेशींनी एकमेकींना सोडून सरकणं पोटात असताना गुणाचं असतं, पण उतारवयात तोंडात तेच भलत्या वेळी सुरू झालं की त्याला कॅन्सर म्हणतात. ते तंबाखू मळत असताना हे मोठ्याने वाचून दाखव.

रागावलीस तरी पत्र लिही, रागाचंही चालेल.
तुझी विनिता


काल्हेर
९ एप्रिल २०२४, पाडवा

चि. विनितास आशीर्वाद.

बाटली पोचली. दूध आता नाकातून कमी येतं. हितेशने पोराला गोडाऊनमध्ये पार्सलच्या काट्यावर ठेवलं, तीन किलो शंभर ग्रॅम भरला. हमाल म्हणाले की सायेब, यावर स्टिकर कुठला लावायचा. तेवढं एकदा घरात हसू झालं. दिपाली अजून आहे, पण कपडे भरलेली बॅग कपाटात गेलेली नाही.

तिला मी काही बोललेले नाही. जीभ उचलत नाही.

एक हिशेब करून दे. एका बाईचं आहे, तुला माहीत नसेल. १९८० साली फेब्रुवारीत, १६ तारखेला, सूर्यग्रहण होतं, भरदुपारी रस्ते ओस पडले होते. त्या बाईला दिवस होते आणि डोहाळे आंबटाचे. तिने माजघरात लपून एक कैरी चिरली. मूल पूर्ण दिवसांचं होतं, ३ मेला झालं, आणि ते कुणालसारखंच होतं. तिचे आठवडे मोजून कळव. घाई नाही, पण लवकर कळव.

आक्का


बंगळुरू
१७ एप्रिल २०२४

ती. आक्कास साष्टांग नमस्कार.

त्या बाईचे आठवडे मी तीनदा मोजले. तिच्या बाळाचा टाळू जुळायचा होता १९७९च्या दिवाळीच्या सुमारास. ग्रहण लागलं तेव्हा तिला सातवा महिना होता. तिला सांग की कैरीचा काही संबंध नव्हता. एक नाही, टोपलीभर चिरल्या असत्या तरी नव्हता.

आक्का, मी तेव्हा सहा वर्षांची होते. तू माहेरी आलीस, सगळे म्हणाले होते बाळ आणणार, आणि तू एकटीच आलीस. मला कुणी काही सांगितलं नाही आणि मी विचारलं नाही. पण गेली चव्वेचाळीस वर्षं तू कैरीला हात लावत नाहीस, लोणचं दुसऱ्याकडून घालून घेतेस, आणि आम्ही सगळे समजत होतो की तुझे दात आंबतात.

मला तुझ्याजवळ असायला हवं होतं. नाही, म्हणून हे लिहिते आहे. ते तुझ्यामुळे झालं नाही.

नेहमीपेक्षा जास्त तुझी,
विनिता


काल्हेर
३ मे २०२४

चि. विनितास उदंड आशीर्वाद.

तुझं पत्र दहा दिवस उशीखाली होतं. आज तीन मे, म्हणून लिहायला बसले.

तो एकोणीस दिवस जगला. बाटली नव्हती, काही नव्हतं. मी कापसाच्या बोळ्याने दूध पिळायचे आणि ते नाकातून परत यायचं. सासूबाई म्हणाल्या की तू कैरी चिरलीस आणि पोराचा ओठ चिरलास. बारसं केलंच नाही. मनातल्या मनात मी त्याला बाळाराम म्हणायचे. पुढे हितेश झाला, त्याच्या बहिणी झाल्या, सगळे मला त्यांची आई म्हणून हाक मारतात. त्याची आई म्हणून मला कधी कुणी हाक मारली नाही. आणि बघ, जे मला बोललं गेलं तेच मी दिपालीला बोलले. विनिता, मला माझीच लाज वाटली.

आज सकाळी मी सगळ्यांना ओटीवर बसवलं. गुणाबाईंनाही बोलावलं. तुझी दोन्ही पत्रं हितेशला मोठ्याने वाचायला लावली, तंबाखूच्या ओळींसकट. मग मी दिपालीला म्हणाले की तुझा दोष नव्हता, माझं चुकलं, आणि माझाही दोष नव्हता. शेवटचं म्हणताना रडू आलं, तुझे भाऊजीही उठून आत गेले. दिपालीने कुणालला आणून माझ्या मांडीवर ठेवलं आणि बाटली माझ्या हातात दिली. दुपारी बॅग रिकामी केली.

कुणाल पावणेचार किलो झाला. संध्याकाळी मी कैऱ्या आणवल्या आणि स्वतः चिरल्या. बरणी तुझ्या नावाची आहे, घ्यायला यावं लागेल.

आज आशीर्वादाला हात कमी पडतात.
तुझी आक्का


बंगळुरू
३० जानेवारी २०२५

ती. आक्कास साष्टांग नमस्कार.

लोणचं संपलं. माझ्या विद्यार्थ्यांनी बरणी चाटून ठेवली.

जुलैत ओठाचं ऑपरेशन झालं तेव्हा तू खंबीर होतीस, मग आता टाळूच्या वेळी का घाबरतेस? तू विचारलंस की डॉक्टर फटीच्या कडा पुन्हा कापणार म्हणतात ते कशाला. कातडीला कातडी लावून कितीही शिवली तरी ती जुळत नाही. म्हणून कडेची कातडी आधी काढतात आणि आतलं ओलं मांस एकमेकांना भिडवतात. पोटात असताना जे पेशींनी करायचं राहून गेलं ते डॉक्टर सुरीने करतात. त्या दिवशी कापणं हेच औषध आहे.

ऑपरेशनच्या दिवशी मी तिथे असेन, तिकीट काढलं आहे. दिपालीला सांग की रडायचं असेल तर दोघींनी माझ्या खांद्यावर रडा, एकेक खांदा.

भेटीची वाट बघणारी,
विनिता


काल्हेर
८ सप्टेंबर २०२५

चि. विनितास आक्काचे पोटभर आशीर्वाद.

आधी आनंदाची गोष्ट, नाहीतर मला धीर निघायचा नाही. तुझा नातू पिपाणी वाजवतो. परवा अनंत चतुर्दशीच्या मिरवणुकीत तुझ्या भाऊजींनी त्याला एक लाल पिपाणी घेऊन दिली. दीड वर्षाचं पोर, आधी नुसतं चावत बसलं. मग गाल फुगवले आणि अशी फुंकली की ढोलवाले मागे वळून बघायला लागले. फेब्रुवारीत शिवलेला टाळू धरला ग. नाकातून जराही वारा गेला नाही, मी नाकासमोर हात धरून बघितलं. दिपाली भर रस्त्यात माझ्या गळ्यात पडली. भाऊजींनी त्याच आनंदात तंबाखूची डबी गणपतीबरोबर खाडीत सोडली. आता ते दिवसभर बडीशेप खातात आणि चिडचिड करतात, पण ते चालेल.

आता कालचं. काल पुन्हा ग्रहण होतं, दुपारी एकपासून वेध. गुणाबाईंची नातसून ऋतिका हिला पाचवा महिना आहे. तिला तेव्हापासून चटईवर सरळ निजवून ठेवलं होतं, पाण्याचा घोटसुद्धा नाही. खिडकीतून मला तिचे सुकलेले ओठ दिसत होते. मी विळी घेतली आणि ओटीवर, रस्त्याच्या तोंडाशी, मांडी घालून बसले. आमच्या वेलीच्या काकड्या घेतल्या आणि चिरायला लागले. दिपालीने चहा ठेवला आणि दुधाची पिशवी सगळ्यांना दिसेल अशी धरून कात्रीने कापली. कुणाल आमच्या दोघींच्या मध्ये उभा राहून पिपाणी फुंकत होता. आळीतल्या बाया दारात आल्या.

मी गुणाबाईंना हाक मारून म्हणाले की पोरीला इकडं पाठवा, तिच्या पोटातल्या पोराचा ओठ-टाळू जुळायचा तो कधीच जुळून झालाय, आता तिला पाणी पाहिजे. त्या म्हणाल्या की आक्का, तुला भ्या वाटत न्हाय का. मी म्हटलं की चव्वेचाळीस वर्षं वाटलं, तेवढं पुरे झालं. त्या उंबऱ्यातून मागे वळल्या. मग स्वतःच ऋतिकाला हाताला धरून घेऊन आल्या. ती तांब्याभर पाणी प्याली, दोन काकड्या खाल्ल्या. गुणाबाईंनी आधी नको नको केलं आणि शेवटी मीठ मागितलं. निघताना त्यांनी माझा हात धरला आणि विचारलं की तुझ्या त्या पयल्या पोराचं नाव काय ठेवलं व्हतंस. मी सगळ्या आळीसमोर सांगितलं.

भाऊजी आत्ताच म्हणत आहेत की ती पिपाणी कुठेतरी लपवून ठेव, डोकं उठलं. मी ठेवणार नाही. वाजू दे.

लोभ तुझा माझ्यावर आहेच, आता थोडा मीही माझ्यावर करते.

तुझी आक्का,
बाळारामची आई