सहाशे अकरावी ओळ

राहुरी,
१९ जानेवारी २०२५

चि. दिशा,

मायन्यात 'सौ.' लिहायला हात गेला आणि थांबला. पाच महिने उलटले, हाताला अजून कळलेलं नाही. अनेक आशीर्वाद.

तू पाठवलेला हर्षलचा लॅपटॉप मिळाला. सोबतची चिठ्ठीही. 'त्याच्या सरांना विहिरींच्या नोंदींची टेक्स्ट फाइल हवी आहे. मला ते उघडवत नाही.' मी उघडलं, बाळा. पुण्यात थंडी फार आहे का? इथे हरभरा घाट्यांवर आलाय. दगडाबाई रोज कामाला येते आणि रोज मला रागावते. "बाई, त्या हिरीत वाकून काय बघता? मला लई भ्या वाटतं."

मी पाणी मोजते. दर सोमवारी. टेपचं वजन पाण्याला टेकलं की खालून बारीक आवाज येतो. पूर्वी तो आवाज आला की हर्षलला फोन करायची. आता ऐकते आणि घरात येते.

त्याचं काम जवळजवळ पुरं होतं. तक्ता टेक्स्ट फाइलमध्ये उतरवणारी प्रोग्रॅमची शेवटची ओळ तेवढी तांबडी होऊन अडायची. त्यानेच शिकवलेलं आठवून बसले. स्तंभ पाच होते, विहिरीचा नंबर, वर्ष, महिना, तारीख, खोली. आणि आकडा कसा लिहायचा ते सांगणारे साचे चारच. नंबराचा स्तंभ मागाहून घातला असणार. मी पाचही ठिकाणी टक्क्यापुढे डी, म्हणजे पूर्णांकाचा साचा, लिहिलं. ओळी उतरू लागल्या, पण ७.८५ चे नुसते ७ झाले. तक्रार न करता दशांश गळाले. चाळीस वर्षं गणित शिकवलेल्या बाईचा हा पराक्रम! खोलीसाठी दोन दशांशांचा साचा दिला, तेव्हा आकडे नीट आले.

तरीही फाइल सहाशे दहाव्या ओळीवर थांबायची. पुन्हा चालवली, पुन्हा तिथेच. चार दिवस त्यापुढचा तक्ता उघडायचं धाडस झालं नाही, कारण सहाशे दहाव्या ओळीवरची तारीख मी वाचली होती, आणि पुढची कोणती असणार ते कळलं होतं.

सहाशे अकरावी ओळ आपल्या विहिरीची. १२ ऑगस्ट. खोलीच्या जागी आकडा नाही, त्याने शब्द टाइप केलेत: 'आई रुसली. स्वतः जातो.'

दिशा, त्या सकाळी त्याचा फोन आला होता. "आई, माप घेतलंस का गं?" तीन आठवडे तो घरी फिरकला नव्हता. मी म्हणाले, "विहिरीची बरी आठवण होते तुला. हवं तर ये आणि स्वतः मोज." तो हसला. "रुसूबाई, येतो," म्हणाला. नगरहून निघाला आणि विळदच्या घाटात त्याची गाडी घसरली.

दहाव्याला बायका कुजबुजत होत्या, नक्की बायकोशी भांडून निघाला असेल. मी चहाचा कप धरून बसले होते. तू माझ्याजवळ येऊन एकदाच विचारलंस, "आई, तो असा अचानक का निघाला असेल?" आणि मी म्हणाले, "देवाला ठाऊक."

देवाला नव्हे, मला ठाऊक होतं. तू तो आळ डोक्यावर घेऊन पुण्याला गेलीस, आणि मी जाऊ दिलं.

माझ्या शाळेत, कॉन्व्हेंटमध्ये, दर शनिवारी ख्रिस्ती मुली चॅपलमधल्या जाळीसमोर गुडघे टेकून पलीकडच्या फादरना आपली चूक सांगून यायच्या. आम्ही बाकीच्या बाहेर शेंगा खात बसायचो. परत येताना त्यांची पावलं हलकी वाजायची. मला तेव्हा त्यांचा हेवा वाटायचा. आज जाळीपलीकडे तू आहेस, आणि मला हलकं व्हायचं नाही. तुझ्यावरचं ओझं तेवढं उतरवायचं आहे.

त्या जागी अंदाजाचा आकडा घालणं सोपं होतं. आदल्या आठवड्याचं माप होतं, पुढच्याचंही माझ्या वहीत होतं. नाही घातला. 'आकडा नाही' अशी संगणकाची खूण ठेवली आणि फाइल शेवटपर्यंत उतरली. सरांना पाठवली आहे. त्याचे शब्द त्या फाइलमध्ये राहिले नाहीत, म्हणून इथे लिहिले. नातेवाइकांनाही मीच सांगणार आहे, एकेकाला, नाव घेऊन.

उद्या सोमवार. मोजीन.

खाली 'तुझी आई' लिहायला हात पुन्हा गेला. या वेळी मीच थांबवला. ते लिहायचं की नाही, हे तू ठरव.

सविता