बिनआवाजाचा कंप्रेसर

२ जुलै
कंप्रेसर आला. ऑइल-फ्री, सायलेंट. बाल्कनीत बसवला. आवाज म्हणाल तर मांजर घोरतं तेवढा. नारपोलीच्या कारखान्यात कापड विणणाऱ्या लूमच्या खडखडाटात जन्म गेला, आता कुठे जीवाला शांतता. यंदा पेणहून गणपतीच्या बिनरंगाच्या कच्च्या मूर्ती आणल्यात, घरीच स्प्रेने रंगवणार. लूम भंगारात गेले म्हणून हा केसरीनाथ भंगारात गेला नाही, हे आमच्या काल्हेर गावाला कळू दे.
बायको, सीताबाई, कानांवर हात ठेवून उभी होती. तिला यंत्रांची सवय नाही.

३ जुलै
मृणाली बाळंतपणाला माहेरी आलीय. नात रुचिका, माझ्यासारखंच नाक. ऑगस्ट लागला की मृणाली परत गोडाऊनच्या ऑफिसात ड्युटीवर जाणार. सासर गणेशपुरीला, तिथून रोजची एसटी झेपायची नाही. म्हणून मायलेकी इथेच, आणि दिवसा बाळ आमच्याकडे. आनंदच आहे. पण मुलीने अट घातली: “बाबा, आधी कान तपासून घ्या. त्याशिवाय रुचिकाला तुमच्याकडे एकटं सोडणार नाही.”
माझे कान! सोमवारी डॉक्टरकडे जाणार. गरज म्हणून नव्हे, पोरीच्या समाधानासाठी.

६ जुलै, सोमवार
गेलो नाही. संकट आलं. पहिल्या गणपतीवर पिवळा मारत होतो, तर नळी रंगाबरोबर पाणीच थुंकायला लागली. पीतांबर पार वाहून गेला. मृणाली म्हणाली, टाकीत हवेतलं पाणी साचतं, खालचा व्हॉल्व्ह उघडून ते रोज काढायचं, पुस्तिकेत लिहिलंय. पुस्तिका कोणासाठी? ज्यांना यंत्र कळत नाही त्यांच्यासाठी. ऑइल-फ्री म्हणजे देखभाल-फ्री, हे शेंबड्या पोरालाही कळेल.
तरी व्हॉल्व्ह उघडला. तांबडं पाणी निघालं, ते रुचिकाच्या वाळत घातलेल्या दुपट्यांवर. सीताबाई बराच वेळ काहीतरी बोलत होती. पाठमोरी होती, म्हणून समजलं नाही.
संकल्प: रोज सकाळी पाणी काढणे.

११ जुलै
पाणी दोनदा काढलं. म्हणजे जवळजवळ रोज.
आज फिल्टर काढून धुतला. वाळत ठेवला तो कुठे ठेवला आठवत नाही. फिल्टरशिवाय मशीन झकास चालतंय, उलट आवाज कमीच झालाय असं माझं निरीक्षण.
दुपारी खालच्या मजल्यावरची रूपा आली. म्हणे, छत थरथरतं, सासूबाईंना दुपारी डोळा लागत नाही. मी तिला मशीनचं खोकं दाखवलं, त्यावर सायलेंट असं छापलंय. छापलेल्यापुढे ती काय बोलणार? बोलली, पण तोंडातल्या तोंडात. हल्ली सगळेच तसं बोलतात. स्पष्ट बोलण्याची पद्धतच गेली.

१५ जुलै
कानांचा विषय पुन्हा. मी शांतपणे पुरावा दिला. कारखान्यात चारी बाजूंनी लूम धडधडत असताना आम्ही नुसत्या ओठांकडे बघून भांडणंसुद्धा केलीत. बहिऱ्या माणसाला हे जमलं असतं का? मृणालीने कपाळाला हात लावला. पटलं असावं.
सीताबाईला सांगितलं, बोलताना तोंड माझ्याकडे ठेवत जा. तर मुद्दाम समोर येऊन म्हणाली, “मशीन गप न्हाय, तुमचे कान गप हायेत.”
या वयात बायकोकडून हे ऐकायचं. वाईट वाटलं. दिवसभर ब्रश हातात धरवेना.

२२ जुलै
मोटर तापली, जळका वास. मी समजत होतो मशीन बंद आहे. ते सकाळपासून चालूच होतं. नळीच्या जोडातून हवा गळत होती, त्यामुळे टाकी भरेना आणि मोटर थांबेना. सीताबाई म्हणते, दोन दिवस फुस्स फुस्स चाललंय, आख्ख्या बिल्डिंगला ठाऊक हाय. मग मी जोडावर साबणाचा फेस लावला. हे मोठाले बुडबुडे. गळती शोधायची शास्त्रीय पद्धत हीच. कान लावून काय शोधायचं?
टेप गुंडाळली. मशीनला यापुढे मध्ये मध्ये विश्रांती द्यायची.

२९ जुलै
मृणालीने कानाच्या डॉक्टरची वेळ घेऊन मला धाडलं. गेलो. बाहेर बाकावर सगळे म्हातारे, एकमेकांना ‘आं? आं?’ करत बसलेले. मी त्यांच्यात शोभेना. चहा पिऊन परत आलो.
घरी सांगितलं, डॉक्टर म्हणाले कान उत्तम. हे खोटं नाही. आत गेलो असतो तर ते हेच म्हणाले असते.
मृणाली हसली, आणि रुचिकाला उचलून माझ्या मांडीवर दिलं. किती दिवसांनी हसली पोरगी.

५ ऑगस्ट, दुपार
मृणाली ड्युटीवर. सीताबाई बहिणीकडे साखरपुड्याला. घरात मी आणि रुचिका, पहिल्यांदाच दोघं. तिला आतल्या खोलीत पाळण्यात निजवलं, रंगाचा वास जावा म्हणून बाहेरचं दार उघडं टाकलं आणि बाल्कनीत कामाला बसलो. तीन मूर्तींचे मुकुट हातावेगळे झाले. एवढ्या वेळात पोरीने हूं की चूं केलं नाही. बायका बाळ सांभाळण्याचं उगाच अवघड करून सांगतात.

५ ऑगस्ट, संध्याकाळ
खांद्याला कोणीतरी हलवलं. वळलो तर रूपा. तिच्या कडेवर रुचिका. तोंड उघडं, चेहरा लालबुंद, झबलं घामाने भिजलेलं, रडून रडून नुसते हुंदके देणारी. रूपा समोरून बोलली, म्हणून सगळं कळलं. “काका, कधीची रडतेय. मी बेल मारून दमले, शेवटी आत आले.”
पोरीला घेतलं, छातीशी धरलं. तेव्हा कुठे तिचं रडणं ऐकू आलं, बारीक, लांब कुठल्या तरी दुसऱ्या घरातून आल्यासारखं.
मी म्हणालो, माफ कर ताई, या मशीनचा आवाजच फार आहे. त्यात बाळ ऐकू येत नाही. आधी हे बंद करतो.
बटणाकडे हात नेला. बटण बंद होतं. मुकुट झाल्यावर विश्रांती म्हणून मीच बंद केलं होतं.

मृणाली सहाला येईल. तिला सांगायचंय की मी डॉक्टरकडे आत गेलोच नव्हतो. मग ती रुचिकाला घेऊन जाईल.