आपले नवे डिग्ज

॥ श्री पार्श्वनाथ प्रसन्न ॥

शहादे, ता. ४ सप्टेंबर १९३८

आपल्या चरणी साष्टांग नमस्कार वि. वि.

संवत्सरी पार पडली. वर्षभरात मनाने, बोलण्याने, हातून आपणांस जे काही लागले असेल त्याची क्षमा असावी. दरसाल हे मी कार्डावरच लिहिते. यंदा पाकीट घेतले. कार्ड पोस्टात, दुकानात, वाटेत सगळे वाचतात.

मामंजींचा खोकला उतारावर आहे. गोमाईला दोनदा पूर आला, पण दुकानात पाणी शिरले नाही. कपाशी बरी आहे म्हणतात. माझी प्रकृती ठीक.

सासूबाईंनी तूप सोडले आहे. हे आपणांस कोणी कळवले नसेल.

आषाढात आपले पत्र आले, "मी नवे डिग्ज घेतले, पहिल्यापेक्षा बरे आहेत." नेहमीप्रमाणे ओसरीवर बसून मी ते मोठ्याने वाचले. डिग्ज म्हणजे काय, असे सासूबाईंनी विचारले. मला येईना. मॅट्रिक झालेल्या सुनेला येत नाही म्हणून शेजारच्या हुलासकाकू गालात हसल्या. म्हणून बाबांनी दिलेला कोश काढला. त्यात खणणे, उकरणे, कुदळीने माती काढणे, एवढेच होते. तेच वाचून दाखवले.

सासूबाई माझ्याकडे पाहत राहिल्या. हुलासकाकूंनी मात्र लगेच सांगितले की मुंबईच्या खानावळीत कांदा, बटाटा, मुळा सगळे चालते, आणि पोरगा जमिनीतले उकरून काढलेले खाऊ लागला आहे, तेच त्याने इंग्रजीत कळवले. मी म्हटले, असे कोणी कळवील का? पण आपल्या घरात कंदमुळाची शंका आली की पुढे कोणी ऐकत नाही. दुसऱ्या दिवशी उपाश्रयात साध्वीजींपुढे हात जोडून सासूबाईंनी नियम घेतला की सून जाऊन मुलाला स्वतःच्या चुलीवर रांधून घालीपर्यंत तूप बंद. मामंजी फार चिडले. मुंबईत दुसरी चूल मांडायची म्हणजे खर्च, आणि इथला जमाखर्च कोण लिहील, असे त्यांचे म्हणणे. तेव्हापासून त्या भाकरी ताकाशी खातात. चांगल्याच वाळल्या आहेत.

पर्युषणात माझा भाऊ धर्मचंद पुण्याहून आला होता. त्याला विचारले तर तो पोट धरून हसला. म्हणाला, ताई, ही बोलण्यातली इंग्रजी आहे, तुझ्या जुन्या कोशात कशी मिळेल? भाड्याच्या खोलीला कॉलेजातली पोरे आणि साहेब लोक डिग्ज म्हणतात. मग घर का म्हणत नाहीत, असे मी विचारले. तर तो सहज म्हणाला, "एकटा माणूस राहतो ना, त्याला घर कोण म्हणेल?"

मी हसले नाही. तो गेल्यावरही तेच मनात येत राहिले. आपल्या खोलीला खिडकी आहे का, पाणी कुठून भरता, संध्याकाळी परत आल्यावर कोणाशी बोलता, हे मला काही ठाऊक नाही. लग्नाला चौथे वर्ष लागले. दिवाळीला आपण येता तेव्हा घर पाहुण्यांनी भरलेले असते. मी वाढीत असते, आपण पुरुषांच्या पंगतीत असता, आणि बोलायचे राहून जाते.

खरा अर्थ कळल्यावर सासूबाईंना न सांगणे हे पाप. सांगावे तर माझे जाणे मोडणार, हेही दिसत होते. दोन दिवस मला काही सुचले नाही. संवत्सरीच्या प्रतिक्रमणानंतर सगळे एकमेकांची क्षमा मागत होते, तेव्हा सासूबाईंच्या पाया पडून सांगितले की त्या शब्दाचा अर्थ साधी भाड्याची खोली. आपण कंदमूळ खाल्लेले नाही. त्यांनी तूप सोडले ते उगीच.

रागावल्या की त्या अहिराणीवर येतात, ते आपणांस माहीत आहे. त्या दिवशी रागावल्या नव्हत्या, तरी अहिराणीतच बोलल्या.

"नियम मी त्या शब्दानासाठे नही लिधा व. तुन्हं तोंड दखीसन लिधा."

माझे तोंड पाहून घेतला होता! पुढे म्हणाल्या, साध्वीजींपुढे घेतलेला नियम आता तुझे सासरेही मोडू शकत नाहीत. मला तिथेच रडू आले. हुलासकाकूंना वाटले, उपवासाने चक्कर आली. त्यांनी पाणी आणले, पण माझे पाण्याचेही पच्चखाण होते, सकाळपर्यंत थेंबही चालणार नव्हता.

मामंजींनी काल विषय काढला. पोरगा स्वतः न्यायला आला तर मी आडवा येणार नाही, मी होऊन मात्र पाठवणार नाही, असे म्हणाले. तेव्हा आता सगळे आपल्यावर आहे.

सासूबाईंचा नियम सुटावा म्हणून मला घेऊन जा, असे लिहायला बसले होते. लिहिणे सोपे होते, आणि पत्र कोणाच्या हाती पडले तरी शोभले असते. पण तसे लिहीत नाही. त्यांचे तूप हे निमित्त आहे. मलाच यायचे आहे. खोली केवढीही असो, अंधारी असो, जिना कितीही असो. थोडक्यात भागवणे मला येते. एकटीने राहणे मात्र अजून जमत नाही.

चातुर्मास उठला की गाडीने या, दोंडाईच्याला उतरा. दिवाळीचा पाहुणा म्हणून येऊ नका.

न्यायला या.

आपली,
लहरी